अभिनयाकडून लेखन-निर्मितीकडे: संहिता विकावी की चित्रपट स्वतः काढावा?

प्रश्न: रापणकार (वेंगुर्ले)

सप्रेम नमस्कार.

राज्य नाट्य स्पर्धेतून सुरुवात करून पुढे मुंबईत मालिकांमध्ये दुय्यम भूमिका करत राहिलेला, आणि पन्नाशी जवळ आल्यावर पुन्हा गावच्या घरी जास्त दिवस राहू लागलेला मी एक नट आहे. माझ्याकडून एका मराठी चित्रपटाची संहिता लिहून पूर्ण झाली आहे. वेंगुर्ले ते मालवण या पट्ट्यातील एका रापणसंघाची, म्हणजे किनाऱ्यावरून दोरांनी ओढायचे मोठे जाळे (रापण) मिळून चालवणाऱ्या मच्छीमारांची, ती कथा आहे. पर्ससीन मासेमारीवर, म्हणजे यांत्रिक नौकेतून मोठे जाळे टाकून माशांचा अख्खा थवा वेढण्याच्या पद्धतीवर, राज्य शासनाने ५ फेब्रुवारी २०१६ रोजी निर्बंध घातले त्या सुमाराचा काळ आहे, आणि एकाच घरातले दोन भाऊ आहेत. थोरला रापणीचा दोर सोडायला तयार नाही, तर धाकटा कर्ज काढून यांत्रिक नौकेत भागीदार झाला आहे. थोरल्याची भूमिका मी स्वतःला डोळ्यांसमोर ठेवून लिहिली हे आधीच सांगतो, कारण माझ्या प्रश्नाचा बराचसा गुंता तिथेच आहे.

मुंबईतील एका निर्मितिसंस्थेने संहिता वाचली आणि ती त्यांना आवडली. कथा, पटकथा आणि संवाद यांचे सर्व हक्क, सर्व माध्यमांसाठी, जगभर आणि कायमचे, एकरकमी मोबदल्यात आपल्याकडे यावेत असा त्यांचा प्रस्ताव आहे. थोरल्या भावासाठी तिकीटबारीवर नाव असलेला नट घ्यावा लागेल असे त्यांनी स्पष्ट सांगितले असून, मला मच्छीमार सोसायटीच्या अध्यक्षाची दोन प्रसंगांची भूमिका देऊ केली आहे. त्यांच्या बोलण्यात कुठेही उर्मटपणा नव्हता, हेही नमूद करतो.

दुसरा मार्ग म्हणजे निर्मिती स्वतः करणे. घरची हापूसची कलमबाग आहे, ती तारण ठेवावी असे मनात येते. सातबारावर माझ्याबरोबर भावाचे आणि बहिणीचेही नाव आहे, त्यामुळे त्यांची संमती लागेल. मुंबईतले दोन-तीन मित्र थोडी रक्कम घालायला तयार आहेत. दादा कोंडके, मच्छिंद्र कांबळी, अरुण नलावडे अशी नटांनीच निर्मिती केल्याची उदाहरणे आपल्यापुढे आहेतच. मग मी संहिता विकावी, चित्रपट स्वतः काढावा, की या दोहोंच्या मधली एखादी वाट आहे? ज्यांनी हे काम जवळून पाहिले आहे त्यांचे मत वाचायला आवडेल.

उत्तर: पडद्यामागे (रत्नागिरी)

मी निर्मिती व्यवस्थापनाच्या बाजूला अनेक वर्षे काम केले आहे, त्यामुळे माझे उत्तर हिशेबाच्या वहीतून येईल, हे गृहीत धरावे.

आपण दिलेली तिन्ही नावे मोठी आहेत, परंतु त्या प्रत्येकाने नेमके काय केले आणि काय केले नाही, तेही पाहायला हवे. दादा कोंडके ‘विच्छा माझी पुरी करा’मुळे महाराष्ट्रभर ओळखले जाऊ लागले, त्यानंतर भालजी पेंढारकरांच्या ‘तांबडी माती’त त्यांनी काम केले, आणि मगच १९७१ मध्ये ‘सोंगाड्या’ची निर्मिती केली. त्याचे लेखन मात्र वसंत सबनीस यांचे आणि दिग्दर्शन गोविंद कुलकर्णी यांचे होते. म्हणजे पैसा आणि प्रमुख भूमिका स्वतःची ठेवून बाकीची दोन महत्त्वाची कामे त्यांनी जाणत्या माणसांवर सोपवली. एवढे करूनही दादरच्या कोहिनूर चित्रपटगृहात तो चित्रपट लागावा म्हणून शिवसेनेला मध्ये पडावे लागले, हा प्रसंग सर्वांना माहीत आहे. चित्रपट चांगला होणे आणि त्याला पडदा मिळणे या दोन स्वतंत्र लढाया आहेत, आणि नवा निर्माता बहुधा पहिलीचीच तयारी करून उतरतो.

मच्छिंद्र कांबळी यांनी ‘वस्त्रहरण’मधला तात्या सरपंच अजरामर केला आणि भद्रकाली ही स्वतःची संस्था चालवून मालवणी नाटके गावोगावी नेली. पण ‘वस्त्रहरण’ लिहिले ते गंगाराम गवाणकरांनी, आणि मुख्य म्हणजे ते नाटक होते. नाटकाचा निर्माता पहिल्या दहा-वीस प्रयोगांत कुठे हशा येतो, कुठे प्रेक्षक चुळबुळतो हे पाहून दुरुस्ती करू शकतो, आणि पुढचा प्रयोग लावायचा की नाही हे मागच्या प्रयोगाच्या गल्ल्यावर ठरवू शकतो. चित्रपटात सगळा खर्च आधी होतो आणि पहिला रुपया सर्वांत शेवटी येतो. नाटकवाल्या माणसाला हा फरक कागदावर कळतो, पण अंगात भिनायला वेळ लागतो.

आता खर्चाविषयी. नट निर्माता झाला की चित्रीकरणाचे अंदाजपत्रक तो साधारण बरोबर करतो, कारण सेटवरचे दिवस त्याने पाहिलेले असतात. चुकते ते पुढचे. संकलन, डबिंग, ध्वनिमिश्रण, रंगसंस्करण, डीसीपी (चित्रपटगृहांना द्यायची डिजिटल प्रत), सेन्सॉर प्रमाणपत्राचा खर्च, प्रत्येक पडद्यामागे डिजिटल प्रक्षेपणापोटी द्यावे लागणारे शुल्क, आणि या सगळ्यांवर चढलेला जाहिरातीचा खर्च. शेवटचे चित्रीकरण झाले त्या दिवशी निम्मी रक्कम हाताशी शिल्लक नसेल, तर तयार चित्रपट डब्यात पडून राहतो आणि व्याज मात्र चालू राहते. राज्य शासनाची दर्जेदार मराठी चित्रपटांना अर्थसाहाय्य देण्याची योजना आहे, परंतु ते साहाय्य चित्रपट पूर्ण होऊन परीक्षणातून गेल्यावर मिळते. ते भांडवल म्हणून धरून चालणे धोक्याचे आहे, आणि तरीही बरेच जण तेच करतात.

म्हणून कलमबाग तारण ठेवू नये, असे मी स्वच्छ शब्दांत सांगतो. त्यात भावाबहिणीचा वाटा आहे एवढेच कारण नाही. बागेचे उत्पन्न हेच तर पुढची दोन-तीन वर्षे भूमिका नाकारून संहितेवर बसण्याची आपली मोकळीक आहे.

अरुण नलावडे यांचे उदाहरण मला आपल्या सर्वांत जवळचे वाटते. ‘श्वास’मध्ये आजोबांची भूमिका त्यांनी केली आणि निर्मात्यांपैकीही ते एक होते, मात्र एकटे नव्हते. कथा माधवी घारपुरे यांची आणि दिग्दर्शन संदीप सावंत यांचे होते. सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार ‘श्यामची आई’नंतर मराठीला प्रथमच ‘श्वास’मुळे मिळाला. पुढे ऑस्करसाठी भारताची निवड म्हणून तो गेला, तेव्हा तिथल्या प्रचारासाठी लोकांकडून निधी जमवावा लागला. इतके यश मिळाल्यावरही पैशाची विवंचना संपली नव्हती, हे लक्षात घ्यावे.

उत्तर: खळ्यातला प्रेक्षक (देवगड)

माझे मत थोडक्यात आणि वरच्यापेक्षा वेगळे आहे. संहिता विकून टाकावी. पन्नाशीतल्या नटाच्या नावापुढे ‘कथा, पटकथा, संवाद’ अशी एक श्रेयओळ पडली की पुढची संहिता घेऊन तो कोणाच्याही दारात ताठ मानेने जाऊ शकतो. एकच गोष्ट आयुष्यभर कवटाळून बसलेले नट आपल्याकडे प्रत्येक तालुक्यात सापडतील. नामवंत नटाने थोरला भाऊ केला आणि चित्रपट चालला, तर रापणकारांचे म्हणणे अधिक लोकांपर्यंत जाईल, हाही विचार करावा.

उत्तर: करारनामा (चिपळूण)

मी वकिली करते आणि लेखक-कलावंतांचे करार वाचण्याचे काम माझ्याकडे अधूनमधून येते. वरील दोन्ही उत्तरांत तथ्य आहे, पण विकणे आणि न विकणे यांच्यामध्ये कायद्याने बरीच जागा ठेवलेली आहे.

कॉपीराइट कायदा १९५७ नुसार चित्रपटाचा कर्ता निर्माता मानला जातो, तर संहितेचा कर्ता लेखक असतो. संहितेवरील हक्क ती लिहिली जाताच निर्माण होतो, नोंदणी हा केवळ पुरावा असतो. तरीही नोंदणी अवश्य करावी. कॉपीराइट कार्यालयात साहित्यकृतीसाठी ५०० रुपये शुल्क आहे, आणि मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनचे सभासद झाल्यास तिथेही ऑनलाइन नोंदणी करता येते. ती करताना दोन ओळींची कल्पना न देता पूर्ण पटकथा द्यावी, कारण संरक्षण कल्पनेला मिळत नाही, तिच्या मांडणीला मिळते. आर. जी. आनंद विरुद्ध डिलक्स फिल्म्स या १९७८ च्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हेच सांगितले होते. आपल्या नाटकावरून दुसऱ्यांनी चित्रपट काढला, असा दावा नाटककाराने केला होता, विषय सारखा असल्याचे दिसतही होते, पण मांडणी पुरेशी वेगळी असल्याने दावा टिकला नाही. रापण आणि पर्ससीन यांचा संघर्ष ही कोणाचीही मालमत्ता नाही, आणि आपले ते दोन भाऊ, त्यांच्यातले प्रसंग आणि त्यांचा क्रम मात्र आपले आहेत.

हक्कांचे हस्तांतरण लेखी आणि स्वाक्षरीसह असावे लागते. त्यात मुदत लिहिली नसेल तर कायदा ती पाच वर्षे धरतो, आणि प्रदेश लिहिला नसेल तर भारतापुरता धरतो. घेणाऱ्याने एका वर्षात हक्क वापरलाच नाही, तर करारात वेगळे काही म्हटलेले नसल्यास ते हस्तांतरण संपुष्टात येते. आपल्याला मिळालेल्या मसुद्यात ‘कायमचे’ आणि ‘जगभर’ हे शब्द आहेत, म्हणजे या सर्व सोयी आधीच बंद केलेल्या आहेत. त्याला हरकत घेण्यात काही गैर नाही, कारण मसुदा हा बोलणी सुरू करण्यासाठीच असतो. २०१२ च्या दुरुस्तीनंतर एक गोष्ट मात्र कोणत्याही कराराने काढून घेता येत नाही: चित्रपटगृहातील प्रदर्शनाबाहेर चित्रपटाचा जो वापर होतो, त्यातील स्वामित्वधनातला (रॉयल्टीतला) लेखकाचा समान वाटा. एकरकमी मोबदला घेतला म्हणून तो हक्क सोडला, असे कलम करारात घातले असले तरी ते निरर्थक ठरते. त्याचप्रमाणे कलम ५७ नुसार आपण या कृतीचे कर्ते आहोत हे सांगण्याचा अधिकार हक्क विकल्यानंतरही आपल्याकडेच राहतो.

माझा सल्ला असा की सरळ विक्रीऐवजी त्या संस्थेला ठरावीक मुदतीचा पर्याय-करार सुचवावा. बारा किंवा अठरा महिन्यांसाठी संहिता फक्त त्यांच्यासाठी राखून ठेवायची, त्यासाठी थोडी रक्कम घ्यायची, आणि त्या मुदतीत चित्रीकरण सुरू झाले नाही तर सर्व हक्क आपोआप आपल्याकडे परत. त्याच करारात सहनिर्माता म्हणून श्रेय, निव्वळ नफ्यात ठरावीक टक्का, आणि पटकथेत बदल करायचे झाल्यास पहिली संधी आपल्याला, ही तीन कलमे मागावीत. तिन्ही मिळतीलच असे नाही. श्रेयाचे कलम सर्वांत आधी मान्य होते आणि नफ्याचे सर्वांत शेवटी, आणि ‘निव्वळ नफा’ म्हणजे काय याची व्याख्या करारात नसेल तर ते मिळूनही उपयोग नाही.

मित्रांचे पैसे घ्यायचे झाल्यास तोंडी घेऊ नयेत. मर्यादित दायित्वाची भागीदारी संस्था काढावी, म्हणजे नुकसान झाले तर ते घातलेल्या रकमेपुरते राहते आणि घरावर, बागेवर येत नाही.

उत्तर: मांडावरचा (कुडाळ)

पैसा आणि करार यांवर जाणकारांनी लिहिले आहेच, मी लेखनापुरते बोलतो.

आपल्या सिंधुदुर्गात नट हाच लेखक असण्याची परंपरा जुनी आहे. दशावतारात लिहिलेली संहिता नसते. आख्यानाचा क्रम आणि कोणी कधी प्रवेश करायचा एवढे ठरते, आणि संवाद नट मांडावर, म्हणजे खेळाच्या जागेवर, उभ्याउभ्या रचतो. समोरच्या राजाने नेहमीपेक्षा वेगळा प्रश्न टाकला तर राक्षसाला त्याच पट्टीत उत्तर द्यावे लागते, आणि रात्रभर जागणारा प्रेक्षक कोण अडखळला हे बरोबर टिपतो. या वातावरणात वाढलेल्या नटाचा संवादाचा कान तयार असतो, आपलाही असणार.

पण तोच कान पटकथेत अडचण करतो. मांडावर गप्प राहिलेला नट हरतो, म्हणून आपल्याला प्रत्येक तणाव बोलून सोडवायची सवय लागलेली असते. नटाने लिहिलेल्या बहुतेक पटकथांमध्ये पात्रे फार हुशारीने बोलतात, सगळी जवळपास एकाच लयीत बोलतात, आणि ती लय लिहिणाऱ्या नटाची असते. थोरला भाऊ तर आपण स्वतःसाठीच लिहिला आहे, म्हणजे सगळी धारदार वाक्ये त्याच्या वाट्याला गेली असणार असा माझा अंदाज आहे. मग धाकट्याचे काय? कर्ज काढून नौकेत भागीदार झालेला माणूस केवळ लोभी नसतो. रापणीच्या वाटणीत वर्ष निघत नाही, हा त्याचा हिशेब खरा आहे, आणि तो हिशेब प्रेक्षकाला पटला नाही तर थोरल्याचा हट्टही पोकळ वाटेल.

एक प्रयोग करून पाहावा. कुडाळ, कणकवली, मालवण इथे हौशी नटांची कमतरता नाही. त्यांतल्या चार-पाच जणांना बोलावून संहितेचे मोठ्याने वाचन करावे, थोरल्याचे संवाद दुसऱ्याकडून वाचून घ्यावेत, आणि आपण धाकटा वाचावा. स्वतः बाजूला बसून नुसते ऐकले तरी चालेल, पण धाकटा वाचण्यात अधिक फायदा आहे.

गिरीश कुलकर्णी यांचे उदाहरण कोणी दिले नाही याचे मला नवल वाटले. ‘देऊळ’साठी सर्वोत्कृष्ट अभिनेता आणि सर्वोत्कृष्ट संवाद असे दोन्ही राष्ट्रीय पुरस्कार त्यांना मिळाले, आणि दिग्दर्शक मात्र उमेश कुलकर्णी होते. ‘वळू’पासून ही जोडी एकत्र काम करत आली होती. लिहिणारा नट आणि त्याच्या लेखनातले काय कापायचे ते सांगू शकणारा दिग्दर्शक, अशी जोडी आधी जमणे मला निर्मात्यापेक्षाही गरजेचे वाटते. स्मिता तळवलकर यांनीही अभिनयातून निर्मितीत येताना ‘कळत नकळत’चे दिग्दर्शन कांचन नायक यांच्याकडे दिले होते, आणि स्वतः दिग्दर्शनात त्या नंतर उतरल्या.

रापणकार

सर्वांचे मनापासून आभार. बागेचा विचार सोडून दिला आहे. बहिणीला तसे कळवलेही, आणि तिचा सुटकेचा निःश्वास फोनवर ऐकू आला. करारनामाताई, पर्याय-कराराचा प्रस्ताव त्या संस्थेपुढे ठेवतो आणि सहनिर्मात्याचे श्रेय मागतो. संहितेचे वाचन कणकवलीत करायचे ठरवत आहे. धाकट्याविषयी जे लिहिले आहे ते वाचून मध्यंतरानंतरचे दोन प्रसंग पुन्हा उघडले आहेत.

आणखी एक विचारतो. संस्थेने चित्रीकरणाची स्थानिक जबाबदारी माझ्यावर टाकण्याची तयारी दाखवली, तर ती मी घ्यावी का? गावातल्या माणसांना मी ओळखतो, पण परवानग्यांची आणि दिवस ठरवण्याची मला सवय नाही. थोरल्याचा दहा वर्षांचा मुलगाही अनेक प्रसंगांत आहे.

उत्तर: पडद्यामागे (रत्नागिरी)

अवश्य घ्यावी. सहनिर्मात्याचे श्रेय मागायचे असेल तर त्याच्या बदल्यात ठेवण्यासारखे आपल्याकडे हेच आहे, आणि मुंबईच्या संस्थेला ते सहजी विकत घेता येत नाही. निर्मिती शिकायचीही हीच जागा आहे, कारण इथे पैसा दुसऱ्याचा आणि जबाबदारी आपली असते.

दिवस ठरवताना आधी समुद्राचे वेळापत्रक पाहावे. १ जून ते ३१ जुलै यांत्रिक नौकांची मासेमारी बंद असते. त्या काळात पावसामुळे चित्रीकरण तसेही अवघड, पण मे महिन्याच्या अखेरीसच नौका वर ओढायला सुरुवात होते आणि बंदरातले दृश्य बदलते. त्यामुळे चित्रीकरण मेपर्यंत लांबू देऊ नये. रापण ओढण्याचा मोठा प्रसंग असेल तर भरती-ओहोटी सर्वांत महत्त्वाची. भरतीची वेळ रोज सुमारे ५० मिनिटांनी पुढे सरकते, म्हणून आज सकाळी सात वाजता जेवढी वाळू उघडी होती तेवढी चार दिवसांनी त्याच वेळी नसेल, आणि जोडलेल्या दोन दृश्यांत किनारा एकदा रुंद आणि एकदा अरुंद दिसेल. असा प्रसंग सलग दोन सकाळीत संपवावा, राहिलाच तर पंधरवड्याने पुन्हा लावावा. उधाण (मोठी भरती-ओहोटी) आणि भांग (लहान भरती-ओहोटी) कधी आहे ते आपल्या रापणसंघातल्या वडीलधाऱ्यांना तोंडपाठ असेल, मुंबईच्या साहाय्यक दिग्दर्शकाला ते विचारावेसेही सुचणार नाही. किनाऱ्यावर वारा आणि लाटा यांमुळे जागेवरचा ध्वनी बहुधा वापरता येत नाही, म्हणून गावातली माणसे भूमिकांत घेतली तर त्यांना नंतर डबिंगसाठी मुंबईला नेण्याचा खर्च आजच लिहून ठेवावा.

परवानग्यांपैकी किनारा आणि जेट्टीसाठी महाराष्ट्र सागरी मंडळाकडे जावे लागते. सिंधुदुर्ग किंवा विजयदुर्ग किल्ल्यात एखादे दृश्य असेल तर भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाची परवानगी लागते, आणि तिला वेळ लागतो. पार्श्वभूमीला किल्ला लांबून दिसला तरी पुरत असेल तर आत शिरण्याचा मोह टाळावा.

मुलाच्या बाबतीत मात्र कुचराई करू नये. बालकलाकारासाठी निर्मात्याने जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी घ्यायची असते. मुलाकडून दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम घेता येत नाही, सलग तीन तासांनंतर विश्रांती द्यावी लागते, सलग २७ दिवसांपेक्षा जास्त दिवस त्याला कामावर ठेवता येत नाही, आणि त्याच्या मानधनाचा किमान २० टक्के भाग राष्ट्रीयीकृत बँकेत त्याच्या नावे मुदत ठेवीत ठेवावा लागतो. म्हणजे त्याचे प्रसंग सकाळच्या सत्रात एकत्र करून वेळापत्रक त्याच्याभोवती बांधावे लागेल. मोठ्या नटाच्या तारखा मिळाल्यावर हे जुळवायला बसलात तर जुळणार नाही, म्हणून संस्थेबरोबरच्या पहिल्या बैठकीतच हा कागद त्यांच्यापुढे ठेवावा.